चौदाव्या वर्षी टॅलेंट स्क्वॉडचं बोलावणं आलं. एएफएलपर्यंतचा, म्हणजे ऑस्ट्रेलियन फुटबॉलच्या सर्वोच्च लीगपर्यंतचा, पुढचा रस्ता कसा असतो?

प्रश्न एका आईचा आहे, थोडक्यात असा: "आम्ही मेलबर्नच्या पश्चिमेला, टार्नीटला राहतो. मुलगा चौदा पूर्ण झाला. दहाव्या वर्षी फुटी (ऑस्ट्रेलियन फुटबॉल) खेळायला लागला, आता अंडर-१५ मध्ये मिडफिल्डला खेळतो. उन्हाळ्यात क्रिकेट, फास्ट बोलिंग टाकतो. या वर्षी विभागाच्या टॅलेंट स्क्वॉडच्या चाचणीला बोलावलं आहे. क्लबचे कोच म्हणतात, याच्यात दम आहे. ह्यांचं म्हणणं, अभ्यास बुडेल. व्यावसायिक खेळाडू होण्यापर्यंतचा रस्ता नक्की कसा असतो? फुटीसाठी शाळा बदलावी का? क्रिकेट सोडावं का? एजंट आत्ताच बघावा का? धाकटी मुलगी ऑस्किकला (लहान मुलांच्या फुटीला) जाते, तिच्यासाठीही काही सांगा."

मी फिजिओथेरपिस्ट. शिक्षण पुण्यात झालं, कामाची बहुतेक वर्षं मेलबर्नमध्ये गेली. आधी उपनगरांतल्या ज्युनियर क्लबांत, नंतर अंडर-१८ च्या एका टॅलेंट प्रोग्रॅममध्ये. त्यामुळे माझं उत्तर गुडघे, पाठ आणि डोकं या बाजूने झुकलेलं असेल, हे आधीच सांगते. रिक्रूटर, म्हणजे एएफएल क्लबांसाठी खेळाडू हेरणाऱ्या लोकांशी रोजचं बोलणं होत आलं आहे, पण मी रिक्रूटर नाही.

सरळ उत्तर आधी. चाचणीला पाठवा. निव्वळ फुटीसाठी शाळा बदलू नका. क्रिकेट आत्ता सोडायचं काही कारण नाही, पण बोलिंगचा हिशेब ठेवावा लागेल. एजंटबद्दल शेवटी लिहिते. आता सविस्तर.

ज्यांनी हा खेळ पाहिलेला नाही त्यांच्यासाठी दोन ओळी. क्रिकेटच्याच लंबगोल मैदानावर एका बाजूला १८ खेळाडू, चेंडूही लंबगोल. चार खांबांपैकी मधल्या दोघांतून पायाने मारला तर ६ गुण, बाजूच्या फटीतून गेला तर १. हाताने फेकायचा नाही. एका हातावर धरून दुसऱ्या हाताच्या मुठीने ठोसायचा, त्याला हँडबॉल म्हणतात. किकवरून आलेला चेंडू हवेत झेलला की 'मार्क', मग तुम्हाला निवांत किक मिळते. वीस-वीस मिनिटांचे चार क्वार्टर, त्यात थांबलेला वेळ वेगळा धरतात. एएफएलमधला मिडफिल्डर एका सामन्यात बारा-तेरा किलोमीटर सहज पळतो, आणि त्यातलं बरंच पळणं धक्के खात.

रस्त्याचे टप्पे सांगायला सोपे आहेत. पाच-सहा वर्षांची मुलं ऑस्किकमध्ये येतात, मग गावातल्या किंवा उपनगरातल्या क्लबचे वयोगट. तेरा-चौदापासून विभागीय स्क्वॉड सुरू होतात. व्हिक्टोरियात त्यांच्या वर कोट्स टॅलेंट लीग आहे, पूर्वी टीएसी कप म्हणून ओळखली जाणारी अंडर-१८ स्पर्धा, १९९२ पासूनची. तुमचा भाग त्यातल्या वेस्टर्न जेट्स या संघाकडे येतो. दक्षिण ऑस्ट्रेलिया आणि पश्चिम ऑस्ट्रेलियात हेच काम एसएएनएफएल आणि डब्ल्यूएएफएल या राज्य लीगमधल्या क्लबांचे कनिष्ठ संघ करतात. त्यातून राज्याचा संघ निवडला जातो: विक मेट्रो (मेलबर्न), विक कंट्री (बाकीचं व्हिक्टोरिया), दक्षिण ऑस्ट्रेलिया, पश्चिम ऑस्ट्रेलिया, आणि न्यू साउथ वेल्स, क्वीन्सलंड, टास्मानिया, नॉर्दर्न टेरिटरी यांचा मिळून अलाइज. या पाच संघांची अंडर-१८ राष्ट्रीय स्पर्धा हिवाळ्याच्या मध्यावर होते आणि प्रत्येक एएफएल क्लबचा माणूस तिथे वही घेऊन बसलेला असतो. मग ऑक्टोबरच्या सुमारास ड्राफ्ट कंबाइन म्हणजे शारीरिक चाचण्या आणि मुलाखती, आणि नोव्हेंबरमध्ये राष्ट्रीय ड्राफ्ट, म्हणजे क्लब क्रमाक्रमाने नवे खेळाडू निवडतात तो कार्यक्रम. त्या वर्षाच्या ३१ डिसेंबरपर्यंत १८ पूर्ण होणार असतील तरच नाव देता येतं.

एएफएलमध्ये सध्या १८ क्लब आहेत, टास्मानियाचा एकोणिसावा २०२८ मध्ये येणार आहे. एका क्लबच्या यादीत चाळीसच्या वर खेळाडू, सामन्याला त्यातले २३. राष्ट्रीय ड्राफ्टमध्ये अलीकडे वर्षाला साधारण साठ-सत्तर नावं पुकारली जातात. सगळ्या देशातून. हे आकडे मी घाबरवायला देत नाही, पण घरी चर्चा करताना ते टेबलावर असावेत.

आपल्याकडच्या आईबाबांची अडचण मला वेगळीच दिसते. आपण हा रस्ता बारावीच्या सीईटीसारखा समजतो: एकच वर्ष, एकच रँक, हुकलं की संपलं, म्हणून तयारी जितकी लवकर आणि जितकी जास्त तितकी चांगली. फुटीत यातलं काहीच नीट लागू पडत नाही. चौदाव्या वर्षीची निवड फार थोडं सांगते, अठराव्या वर्षीही दार बंद होत नाही, आणि 'जितकी जास्त तितकी चांगली' ही समजूत तर थेट माझ्या दवाखान्यात येऊन पोचते.

चौदाव्या वर्षी काय निवडलं जातं ते पाहा. मुलांची उंची सर्वांत वेगाने वाढते ती सरासरीने तेराच्या पुढे, चौदाच्या आसपास. पण सरासरीच्या दोन्ही बाजूंना दीड-दोन वर्षांचा फरक सहज असतो. अंडर-१५ च्या एकाच संघात एक मुलगा दाढीचे खुंट घेऊन उभा असतो आणि दुसऱ्याचा आवाजही फुटलेला नसतो. त्यात वयोगट जानेवारी ते डिसेंबर असा मोजला जातो, म्हणजे जानेवारीचं मूल डिसेंबरच्या मुलापेक्षा जवळपास वर्षाने मोठं. स्क्वॉडच्या निवडीत वर्षाच्या पहिल्या महिन्यांतली मुलं जास्त दिसतात, हा जगभर अनेक खेळांत अभ्यासलेला प्रकार आहे. लवकर वाढलेला मुलगा अंगाच्या जोरावर चेंडू काढतो, सगळे टाळ्या वाजवतात, आणि त्याला डाव्या पायाने किक शिकण्याची गरजच पडत नाही. सतराव्या वर्षी बाकीचे त्याच्या उंचीला आले की पंचाईत होते. उलट जो लहानखुरा राहतो त्याला टिकायचं तर जागा ओळखणं, चेंडू लवकर सोडणं, दोन्ही बाजूंना वळणं शिकावंच लागतं. तेव्हा निवड झाली तर तो कशामुळे निवडला गेला ते शांतपणे बघा, आणि नाही झाली तरीही तेच बघा.

उंचीची धास्ती आपल्या घरांत फार असते, म्हणून दोन नावं. केलेब डॅनियल १६८ सेंटिमीटर, २०१४ च्या ड्राफ्टमध्ये ४६ वा, आणि दोन वर्षांत वेस्टर्न बुलडॉग्जच्या २०१६ च्या विजेत्या संघात. लॅकी नील १७७ सेंटिमीटर, २०११ मध्ये ५८ वा. त्याने ब्राउनलो पदक, म्हणजे लीगमधल्या सर्वोत्तम खेळाडूचा मान, २०२० आणि २०२३ असा दोनदा मिळवला. रकमन (पंचाने उसळवलेल्या चेंडूसाठी उडी मारणारा उंच खेळाडू) व्हायचं असेल तर मात्र दोन मीटरच्या आसपास उंची लागते, तिथे वाद नाही.

आता मला सर्वांत जास्त जे सांगायचं आहे ते. स्क्वॉडमध्ये गेल्यावर तुमच्या मुलाचा आठवडा कसा होईल ते लिहून काढा. क्लबचा सराव दोन संध्याकाळी. स्क्वॉडचा एक-दोन. शाळेचा संघ असेल तर आठवड्यात मधेच सामना. रविवारी क्लबचा सामना. आणि स्क्वॉडची प्रीसीझन तयारी सुरू होते ती नोव्हेंबरच्या सुमारास, म्हणजे ऐन क्रिकेटच्या मोसमात: नेट्स, शनिवारचा सामना, बोलिंग. प्रत्येक कोच आपापल्या जागी शहाणा असतो, प्रत्येकाचं वेळापत्रक वाजवी असतं, पण बेरीज कुणाच्याच वहीत नसते. बेरीज घरी करावी लागते. क्रीडावैद्यकात एक साधा ठोकताळा वापरतात: कोचच्या हाताखालच्या खेळाचे आठवड्याचे तास मुलाच्या वयाच्या आकड्यापेक्षा जास्त नसावेत. चौदा वर्षं, चौदा तास. आठवड्यात निदान एक दिवस पूर्ण मोकळा, आणि वर्षातून काही आठवडे कोणताच संघ नाही. फ्रिजवर एक कागद लावा आणि त्यावर दोनच गोष्टी लिहा, खेळाचे तास आणि टाकलेली षटकं. दर तीन महिन्यांनी उंची मोजा. उंची भराभर वाढत असेल तर त्या काळात पळणं आणि बोलिंग दोन्ही कमी करायचं. 'बाकीची मुलं करतात' हे त्या वेळी ऐकायचं नाही.

कुठल्या दुखण्याने घाबरायचं आणि कुठल्या नाही, हेही सांगते. गुडघ्याच्या वाटीखाली टेंगूळ येऊन दुखतं, त्याला ऑसगुड-श्लॅटर म्हणतात. टाचेच्या मागे दुखतं तो सीव्हर्स. दोन्ही वाढीच्या वयातली, त्रासदायक पण बरी होणारी. भार कमी केला की मूल खेळत राहू शकतं. जांघेतलं दुखणं जास्त चिवट असतं. रोज शंभर-दीडशे किका मारणाऱ्या हौशी मुलांना ते होतं आणि महिनोन्महिने पाठ सोडत नाही. फास्ट बोलरच्या कमरेत एकाच बाजूला दुखत असेल, पाठ मागे वाकवली की वाढत असेल, तर 'बघू दोन आठवडे' म्हणायचं नाही. मणक्याच्या हाडाला ताणाची चीर गेलेली असू शकते. बोलिंग त्याच दिवशी बंद आणि क्रीडावैद्यकाच्या डॉक्टरकडे. क्रिकेट ऑस्ट्रेलियाच्या ज्युनियर वेगवान गोलंदाजांसाठी षटकांच्या मर्यादा ठरलेल्या आहेत. क्लब पाळत नसेल तर तुम्ही पाळा. गुडघ्यातला एसीएल हा अस्थिबंध फाटला तर नऊ ते बारा महिने गेले असं समजा. क्लब पातळीसाठी 'फुटीफर्स्ट' नावाचा दुखापत टाळण्याचा व्यायामक्रम आहे. कोचला विचारा की वॉर्मअपमध्ये तो करून घेतात का. कंटाळवाणा आहे आणि उपयोगाचा आहे.

डोक्याच्या मारावर मी कुणाशीच घासाघीस करत नाही. कन्कशनचा, म्हणजे मेंदूला हादरा बसल्याचा, संशय आला की मुलगा त्या दिवशी परत मैदानात जात नाही, तो कितीही 'आय ॲम फाइन' म्हणो. क्लब पातळीवर आणि मुलांसाठीचं मार्गदर्शन असं: लक्षणं पूर्ण गेल्यावर निदान १४ दिवस धक्काबुक्कीचा सराव नाही, आणि सामना मार लागल्यापासून किमान २१ दिवसांनी. टीव्हीवर एएफएलचे खेळाडू १२ दिवसांनी परततात म्हणून मुलं वाद घालतात. त्यांच्यामागे पूर्णवेळ डॉक्टरांची फौज असते, आणि त्यांचा मेंदू वाढीच्या वयातला नसतो. निवडीच्या आठवड्यात लक्षणं लपवायचा मोह सर्वांत जास्त होतो, मुलांना आणि (लिहिताना बरं वाटत नाही) पालकांनाही. मऊ हेल्मेट घातलं की कन्कशन टळतं, असंही नाही. केलेब डॅनियल हेल्मेट घालून खेळतो म्हणून आपणही घेऊ, हा तर्क मी बऱ्याचदा ऐकते. खरचटणं, जखमा यांपासून ते वाचवतं, मेंदू कवटीत हलण्यापासून नाही.

खाण्याचं थोडक्यात. शाकाहारी घरात अडत काही नाही, पण वरण-भातावर या वयातला मिडफिल्डर निघत नाही. सरावानंतर तासाभरात दूध, दही, पनीर, अंडी चालत असतील तर अंडी, उसळी. लोह आणि ड जीवनसत्त्व डॉक्टरांकडून एकदा तपासून घ्या. संकष्टीचा उपास सामन्याच्या दिवशी आला तर काय करायचं ते घरात ठरवा. रिचमंडचा बाचर हौली रमझानचे रोजे सांभाळून खेळत आला आणि २०१७ व २०१९ च्या विजेत्या संघांत होता, त्यामुळे 'धर्म की खेळ' असा पेच करू नका. फक्त कोचला आणि ट्रेनरला आधी सांगा.

खेळाचं कौशल्य माझा विषय नाही, पण इतकी वर्षं सीमारेषेवर उभं राहून एक गोष्ट दिसते. दहाव्या वर्षी सुरुवात केलेल्या मुलांची कमतरता पळण्यात नसते, किकमध्ये असते. त्यातही पाय बहुधा ठीक असतो, हात चुकतो. इथली मुलं पाचव्या वर्षापासून अंगणात चेंडू पायावर सोडत असतात. तो सोडणारा हात स्थिर असतो. ड्रॉप पंट या नेहमीच्या किकमध्ये चेंडू हातातून तिरका सुटला की पुढे सगळंच तिरकं. मुलाला सांगा, रोज दहा-पंधरा मिनिटं, वीस मीटरवरून, दोन्ही पायांनी, आणि आठवड्यात एकदा पळता पळता. लांब किका मोजायच्या नाहीत. हँडबॉल दोन्ही हातांनी, भिंतीवर. रिक्रूटर 'कमकुवत पाय' लगेच टिपतात, कारण एएफएलमध्ये समोरचा खेळाडू तुम्हाला त्याच बाजूला ढकलतो.

रिक्रूटर आणखी काय बघतात? चेंडू जवळ नसताना मुलगा काय करतो, हे. चूक झाल्यावर मान खाली घालून चालतो की लगेच मागे पळतो. चौथ्या क्वार्टरमध्येही दुसऱ्यांदा, तिसऱ्यांदा झडप घालतो का. सतराव्या वर्षापर्यंत ते शाळेतल्या शिक्षकांशी, जुन्या कोचशी बोललेले असतात, आणि घरी येऊन सोफ्यावर बसून तुमच्याशीही बोलतात. कंबाइनच्या आकड्यांचं लोकांना फार अप्रूप. वीस मीटर तीन सेकंदांच्या आत म्हणजे वेगवान, दोन किलोमीटर सहा मिनिटांच्या जवळपास म्हणजे उत्तम दम. पण दोन वर्षांच्या सामन्यांत जे दिसलं नाही ते एका दिवसाच्या धावण्यात सहसा सापडत नाही. चौदाव्या वर्षी घड्याळ लावून दोन किलोमीटर पळवणाऱ्या खासगी अकादम्यांना पैसे देऊ नका.

ड्राफ्टमधली एक गोष्ट तुमच्या घराला थेट लागू होते आणि बहुतेक भारतीय पालकांना माहीत नसते. वडील एखाद्या क्लबकडून १०० सामने खेळलेले असतील तर त्या क्लबला मुलावर पहिला हक्क मिळतो. निक डेकोस असाच २०२१ मध्ये कॉलिंगवुडला गेला. ही सोय आपल्या 'ह्यां'च्या नावावर नाही. पण २०१६ पासून क्लबांच्या नेक्स्ट जनरेशन अकादम्या आहेत, आदिवासी आणि बहुसांस्कृतिक घरांतल्या मुलांसाठी. आई किंवा वडील आशियात जन्मलेले असतील तर मुलगा त्या पात्रतेत बसू शकतो. प्रत्येक एएफएल क्लबला विभाग वाटून दिलेले आहेत. अकादमीत त्या क्लबचे कोच, जिम, फिजिओ यांची ओळख होते, आणि पुढे ड्राफ्टमध्ये दुसऱ्या क्लबने त्याचं नाव घेतलं तर मूळ क्लब आपल्या ड्राफ्टच्या क्रमांकांना ठरवून दिलेले गुण खर्चून त्याला घेऊ शकतो. २०२० मध्ये जमारा युगल-हेगन पहिल्या क्रमांकावर बुलडॉग्जकडे असाच गेला. त्यानंतर पहिल्या वीस, मग पहिल्या चाळीस क्रमांकांत ही मुभा काढून घेतली, आणि २०२४ पासून पुन्हा दिली. म्हणजे नियम बदलते आहेत. तेव्हा पुढच्या चार वर्षांचा हिशेब आज मांडू नका, पण तुमचा विभाग कोणत्या क्लबकडे आहे हे याच आठवड्यात स्क्वॉडच्या मॅनेजरला विचारा. पात्रतेची नोंद वेळेत झालेली असली पाहिजे. भारतीय वंशाची नावं या लीगमध्ये फारच कमी झाली. वेस्ट कोस्टच्या २००६ च्या विजेत्या संघातला डॅनियल कर हे त्यातलं ठळक. अकादम्या काढण्यामागे हेही एक कारण आहेच.

ड्राफ्टमध्ये नाव आलं नाही तर? मॅट प्रिडिसला राष्ट्रीय ड्राफ्टमध्ये कुणी घेतलं नव्हतं. रुकी यादीतून, म्हणजे क्लबच्या दुय्यम यादीतून, वेस्ट कोस्टमध्ये शिरला आणि २०१४ चं ब्राउनलो जिंकला. टॉम स्ट्युअर्टला जिलाँगने २०१६ मध्ये घेतलं तेव्हा तो २३ वर्षांचा होता. शॉन मॅनाचं उदाहरण तुमच्या घराजवळचं: वेरिबीकडून व्हीएफएल (एएफएलच्या खालची राज्य लीग) खेळत होता, २०२३ च्या ड्राफ्टमध्ये जिलाँगने त्याला २६ व्या वर्षी घेतलं. मार्लियन पिकेट तुरुंगवास भोगून परतलेला, २०१९ मध्ये मोसमाच्या मध्यावरच्या ड्राफ्टमधून रिचमंडकडे आला आणि पहिला एएफएल सामना खेळला तो थेट त्या वर्षीचा ग्रँड फायनल, जिंकलेला. म्हणून अठराव्या वर्षी न निवडलेला मुलगा व्हीएफएलमध्ये जातो तेव्हा घरात सुतक पाळू नका. फक्त तेव्हा त्याचे गुडघे आणि पाठ शाबूत हवेत. माझं सगळं बोलणं फिरून तिथेच येतं.

निवड झाली तरी सगळं मिळालं असंही नाही. ड्राफ्टनंतर काही दिवसांतच मुलगा क्लबमध्ये हजर होतो. क्लब पर्थचा किंवा ब्रिस्बेनचा असेल तर अठराव्या वर्षी दुसऱ्या टोकाच्या शहरात, बऱ्याचदा एखाद्या यजमान कुटुंबाकडे. पहिला करार दोन-तीन वर्षांचा. पहिलं वर्ष बहुतेकांचं व्हीएफएलसारख्या राज्य लीगमध्ये आणि जिममध्ये जातं, कारण समोर पंचवीस-तीस वर्षांचे पूर्ण भरलेले पुरुष असतात. माझ्या ओळखीतली मुलं याच काळात सर्वांत जास्त खचली. आपापल्या जिल्ह्यात हिरो असलेला प्रत्येक जण इथे यादीतला शेवटचा असतो. आणि बरीच मुलं मोजके सामने खेळून, किंवा एकही न खेळता, बाहेर पडतात. क्रिकेटमुळे तुम्हाला माहीत असलेला ॲलेक्स केरी हा त्यांतलाच एक. जीडब्ल्यूएस जायंट्सच्या सुरुवातीच्या तरुण संघाचा तो कर्णधार होता, क्लब एएफएलमध्ये उतरला आणि केरीला यादीत जागा मिळाली नाही. मग तो ॲडलेडला परतून क्रिकेटकडे वळला. क्रिकेट आत्ता सोडू नका म्हणण्यामागे माझ्या डोक्यात तोही असतो. सोळाव्या वर्षापर्यंत दोन्ही चालू द्या. नंतर वेळापत्रकच निर्णय भाग पाडतं.

शाळेचं. मोठ्या खासगी शाळांची शनिवारची फुटी चांगल्या दर्जाची असते, हे खरं. तिथले कोच माजी एएफएल खेळाडू असतात, मैदानं देखणी असतात, आणि शाळेच्या मोसमात ती मुलं टॅलेंट लीगचे सामने सोडून शाळेकडून खेळतात. शिष्यवृत्तीचं बोलणं आलं तर ऐका. पण टार्नीटहून रोज दीड-दीड तास प्रवास, मित्र तुटलेले, शाळेला त्याच्याकडून दर शनिवारी कामगिरी हवी, आणि नवव्या वर्गाच्या मुलाने दुखापतीत काय करायचं ते कुठेच लिहिलेलं नाही, असं मी पाहिलेलं आहे. सरकारी शाळेतून, स्थानिक क्लबमधून ड्राफ्ट झालेल्यांची यादीही लांब आहे. शाळा अभ्यासासाठी आणि मुलाच्या मनासाठी चांगली असेल तर बदला; फुटी हे तिसरं कारण असू द्या.

आणि वडिलांची काळजी रास्त आहे, अगदी तारखांच्या भाषेत रास्त. व्हीसीईच्या, म्हणजे इथल्या बारावीच्या, लेखी परीक्षा ऑक्टोबरच्या शेवटापासून नोव्हेंबरच्या मध्यापर्यंत. त्याच्या आधी कंबाइन, मधेच क्लबांच्या मुलाखती, नंतर लगेच ड्राफ्ट. सगळं एकाच दोन महिन्यांत. यावर उपाय आहेत: एखादा विषय अकरावीतच संपवणं, किंवा व्हीसीई तीन वर्षांत पसरवणं, जे नियमात बसतं. अनेक विद्यापीठांत खेळाडूंसाठी प्रवेशाची वेगळी सवलत असते. हे नियोजन नववी-दहावीत शाळेच्या करिअर्स शिक्षकांबरोबर बसून करायचं, बारावीच्या जुलैत नाही.

धाकटीसाठी: एएफएलडब्ल्यू २०१७ पासून आहे, मुलींची कोट्स टॅलेंट लीग आहे, आणि अकादम्यांची दारं तिलाही उघडी आहेत. एक गोष्ट वेगळी. मुलींमध्ये एसीएलची दुखापत मुलांपेक्षा जास्त होते, म्हणून उडी मारून उतरण्याचं आणि दिशा बदलण्याचं तंत्र लहानपणीच शिकवायचं. 'प्रेप टू प्ले' हा मुलींसाठीचाच क्रम आहे. तिच्या क्लबने तो वापरावा असा आग्रह धरा. सध्या मात्र तिला ऑस्किकमध्ये चेंडूमागे पळू द्या.

एजंटचं राहिलं. खेळाडूंच्या संघटनेची, एएफएल प्लेअर्स असोसिएशनची, मान्यता असलेले एजंटच करार करू शकतात, आणि करार म्हणण्यासारखं काही तुमच्या मुलाच्या हातात सतराव्या वर्षाआधी येणार नाही. तोवर कुणी ओळख काढून घरी आलं, बूट किंवा तिकिटं देऊ केली, तर चहा द्या आणि सही करू नका. पुढे राज्याच्या संघात निवड झाली तर दोन-तीन जणांना भेटा आणि प्रत्येकाला विचारा की यादीतून काढलेल्या किती मुलांशी तुम्ही आजही संपर्कात आहात. चाचणीला जाताना मागच्या दुखण्यांची नोंद असलेला कागद बरोबर द्या आणि स्क्वॉडच्या फिजिओला तो स्वतः भेटून दाखवायला मुलालाच सांगा.